गोव्यातल्या कथेसाठी पाऊस ओढण्याची विद्या

हात वर केला, ढग दाटले, पाऊस कोसळला. अशी जादू दुसऱ्या प्रकरणातच कंटाळवाणी होते, कारण तिला कसलीच किंमत मोजावी लागत नाही. इथे दिलेली ‘ओढविद्या’ कल्पित आहे, हिशोब मात्र खऱ्या पावसाचा आहे. कथेत वापरा किंवा फासे टाकून खेळायच्या खेळात. कळशी, माती, दोरी हवी तशी बदला, पण पहिल्या नियमाला हात लावू नका: ओढकरी पाऊस निर्माण करत नाही, एका जागेचा पाऊस दुसऱ्या जागी पाडतो.

असं का, ते आकड्यांत पाहा. १ चौरस मीटरवर १ मिमी पाऊस म्हणजे १ लिटर पाणी. १ चौरस किलोमीटरच्या वाड्यावर, म्हणजे गावातल्या वस्तीवर, १० मिमीची सर आली तर १ कोटी लिटर, म्हणजे १०,००० टन. एवढ्या पाण्याची वाफ करायला सुमारे ७० लाख युनिट विजेइतकी ऊर्जा लागते. उलट, माणसाच्या दिवसभराच्या २,००० किलोकॅलरी खाण्यात साडेतीन लिटरचीही वाफ होत नाही. ओढकऱ्याने स्वतःच्या ताकदीवर पाऊस पाडायचा ठरवला तर परसातलं एक आळंही भिजणार नाही. वाफेचं काम समुद्र आणि ऊन आधीच करून ठेवतात. ढग कुठे रिकामा व्हायचा, एवढंच त्याच्या हातात ठेवा.

दिशेचा नियमही गोव्याचा भूगोलच देतो. पावसाळी वारा समुद्रावरून येतो, सह्याद्रीवर चढताना थंडावतो आणि तिथे जास्त बरसतो. म्हणून डोंगराकडच्या सत्तरी तालुक्यातल्या वाळपईला किनाऱ्यावरच्या पणजीपेक्षा अधिक पाऊस. तेव्हा किनाऱ्याचा पाऊस सत्तरीकडे सोडणं स्वस्त: एका सरीला एक कळशी. सत्तरीचा पाऊस किनाऱ्यावरच उतरवायचा तर ढग अडवून धरावा लागतो, म्हणून दोन कळशा. घाटमाथ्यापलीकडे ओढ पोचत नाही. ही मर्यादा काढलीत तर कथा पाणीतंट्याची होईल. तीच लिहायची असेल तर खुशाल काढा.

साहित्य थोडंच. तांब्याची कळशी, देणाऱ्या जागेच्या विहिरीचं ८ लिटर पाणी, घेणाऱ्या जागेची ओंजळभर माती, सुंभाची दोरी आणि मिठागरातलं जाडं गावठी मीठ पाव किलो. बारीक पाकिटातलं मीठ चालत नाही. ते ओलं होऊ नये म्हणूनच तयार केलेलं असतं.

१. कळशी उघड्यावर ठेवा, वारा थेट लागेल अशी.
२. मीठ फडक्यात सैल बांधून पुरचुंडी दोरीने कळशीच्या तोंडावर टांगा. पाण्याला टेकता कामा नये.
३. थांबा. हवा पुरेशी दमट असेल तर मीठ पाझरू लागतं: आधी फडकं काळपट होतं, मग गाठीच्या टोकाशी थेंब जमतो, लोंबतो, पडतो. तो थेंब पाण्यात पडला की माती कळशीत सोडा.

तिसऱ्या पायरीवरच बहुतेक ओढकरी फसतात. मीठ कोरडं असताना माती सोडली तर हलवायला हवेत वाफच नसते. नुसता वारा सुटतो आणि कौलं उडतात. एका वेळी तीनपेक्षा जास्त कळशा लावू नयेत. चौथी लागली की सरीऐवजी ढग एकदम फुटतो.

जोर किती, हे नक्षत्राच्या वाहनावरून ठरवा. पंचांगाची रीत तयारच आहे: सूर्य नक्षत्र बदलतो तेव्हा सूर्यनक्षत्रापासून चंद्रनक्षत्रापर्यंत मोजा आणि ९ ने भागा. बाकी १ घोडा, २ कोल्हा, ३ बेडूक, ४ मेंढा, ५ मोर, ६ उंदीर, ७ म्हैस, ८ गाढव, ० हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती असताना कळशी दुप्पट फळते; कोल्हा, मेंढा असताना निम्मी; मोर आणि उंदीर जेमतेम ठरल्याइतकी. घोडा असला तर पाऊस डोंगराकडेच जातो. गाढव असेल तर प्रमाण बरोबर येतं, जागा मात्र गाढव ठरवतं. खेळात हे वाहन सगळ्यांच्या आवडीचं होईल.

आता भरती, जी लिहिणारे हमखास विसरतात. खाजन शेतीत, म्हणजे खाडीकाठी बांध घालून राखलेल्या सखल शेतात, बांधाला मानस असते, म्हणजे पाण्याची झडप. तिची लाकडी दारं भरतीच्या दाबाने आपोआप मिटतात आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या दाबाने उघडतात. दोन भरत्यांमध्ये साधारण साडेबारा तास जातात. भरतीच्या वेळी खाजनावर पाऊस ओढला तर पाण्याला बाहेरची वाट बंद असते आणि शेत आतूनच बुडतं. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास भरती सर्वांत मोठी असते, तेव्हा धोकाही सर्वांत मोठा. बांध फुटला तर खारं पाणी आत येऊन जमीन नासते. ओढ नेहमी ओहोटी लागल्यावरच.

कर्जाची बाजू ढिली सोडू नका. देणाऱ्या वाड्याची संमती असेल तर ओढलेला पाऊस पुढच्या नक्षत्रात, म्हणजे १३-१४ दिवसांत परत द्यायचा. संमती नसेल तर वसुली ओढकऱ्याकडून: आधी घरची विहीर आटते, मग भाटातले, म्हणजे बागेतले, माड झावळ्या टाकू लागतात. खरा पेच मे महिन्यात. मिठागरवाल्याला मृग लागेपर्यंत, म्हणजे ७-८ जूनपर्यंत, थेंबही नको असतो. एका वळवाच्या सरीत वाफ्यातलं तयार मीठ विरघळतं. त्याच्याच शेजाऱ्याला पेरणीआधी नांगरायला जमीन भिजलेली हवी असते. दोघं एकाच संध्याकाळी ओढकऱ्याच्या दारात पैसे घेऊन उभे राहिले, की प्रकरण आपोआप लिहून होतं.

विजेची विद्या वळवाच्या आणि हस्ताच्या पावसापुरती ठेवा. ऐन आषाढात गोव्यात पाऊस धो धो असतो, गडगडाट त्यामानाने कमी. धुक्याला वेगळा नियम नको. फक्त काजूला मोहोर असताना धुकं ओढणारा ओढकरी गावात टिकत नाही, कारण ढगाळ, दमट हवेत मोहोर करपतो आणि त्या वर्षीची हुर्राक, म्हणजे काजूची दारूही जाते.