मटणाचा तांबडा रस्सा, आमच्या सांगलीकडच्या पद्धतीनं

खाटकाकडं गेला की नुसतं मांडीचं घेऊ नका, थोडी नळी, थोडं चाप पण टाक म्हणायचं, रश्श्याला चव हाडातनंच येते. आमच्याकडं जत-आटपाडी बाजूला मेंढराचं मटण पण चालतं (माडग्याळ मेंढी जत तालुक्यातलीच), पण त्याला चरबी जास्त आणि वास जरा उग्र, म्हणून वरची जाड चरबी काढायला सांगा आणि आलं-लसूण हात सैल सोडून घाला.

1 किलो मटण धुऊन अर्धा चमचा हळद, मीठ आणि 2 चमचे आलं-लसूण-कोथिंबिरीचं वाटण चोळून अर्धा तास ठेवायचं. पातेल्यात थोड्या तेलात एक कांदा परता, मटण टाका, आणि वर खोलगट ताट ठेवून त्यात पाणी ओता. खाली मटणाला स्वतःचं पाणी सुटतं, वर ताटातलं पाणी तापतं, तेच मग आत ओतायचं. गार पाणी अजिबात नको, उकळी मोडते, आणि आई म्हणते मटण निबार होतं. पातेल्यात तास-दीड तास लागतो. घाई असेल तर कुकर, 3 शिट्ट्या आणि मग बारीक गॅसवर 15 मिनिटं, कोवळं असेल तर त्याहून कमी. तुकडा बोटानं दाबला की तुटला पाहिजे. हे झालं अळणी, म्हणजे बिनतिखटाचं मटणाचं पाणी, पोरांसाठी वाटीभर आत्ताच बाजूला काढा नाहीतर नंतर बोंब होते.

आता वाटण. 2 कांदे आणि अर्धी वाटी सुकं खोबरं वेगवेगळं भाजा, 2 चमचे तीळ, 1 चमचा खसखस, आणि लसूण-कोथिंबीर घालून मिक्सरला गंधासारखं बारीक करा. खोबऱ्यापाशी उभं राहायचं बरं का, मागच्या आखाडात मी फोनवर बोलत बसलो आणि खोबरं करपलं, तरी तसंच वाटलं आणि अख्खा रस्सा कडू झाला, गूळ घातला तरी जाईना!

तेल जरा सढळ, 5-6 चमचे. वाटण कडेनं तेल सुटेपर्यंत परता, मग गॅस एकदम बारीक करून 3 चमचे कांदा-लसूण चटणी (म्हणजे कांदा-लसूण मसाला) टाका आणि लगेच डावभर गरम अळणी ओता, एवढ्यात चुकलं तर चटणी जळते, जमलं तर लालभडक तर्री येते. थोडे तुकडे सुक्क्याला काढून ठेवा, बाकी मटण आणि उरलेलं अळणी यात सोडा, 10 मिनिटं उकळू द्या. मीठ शेवटी चाखूनच घाला, चटणीत असतंच. आणि रस्सा उकळतोय तोवर ज्वारीचं पीठ मळायला घ्या.