‘कोळी चावला’ म्हणण्याआधी: या चुका टाळा

सकाळी दंडावर लालभडक चट्टा दिसला की घरात निदान ठरलेलंच असतं: रात्री कोळी चावला. कोळी कोणी पाहिलेला नसतो. आणि बऱ्याचदा तो कोळी नसतोही.

पावसाळ्यात ट्यूबलाइटभोवती एक नारिंगी-काळा किडा येतो. सेंटिमीटरभरही नसतो, चालताना मोठ्या मुंगीसारखा दिसतो. हा पेडेरस. तो चावत नाही. आपण मानेवर चापट मारून त्याला चिरडतो आणि त्याच्या अंगातला दाहक द्रव कातडीला लागतो. लगेच काही कळत नाही. साधारण एका दिवसाने भाजल्यासारखा लांबट पट्टा उठतो, त्यावर बारीक फोड येतात. कोपराच्या वळणात चिरडला असेल तर दोन्ही बाजूंना सारखाच डाग उमटतो. किडा फुंकर मारून उडवा. चिरडलाच तर साबणाने जागा आणि हात दोन्ही धुवा, तो हात डोळ्याला लावू नका.

छातीच्या किंवा कमरेच्या एकाच बाजूला पट्ट्याने फोड आले आणि आधीपासून तिथे आग होत असेल, तर ती नागीण असू शकते. तिचं औषध पहिल्या ७२ तासांत सुरू झालं तर जास्त उपयोगी पडतं. लेप लावत बसलात की हे तीन दिवस जातात.

सगळ्यात महाग चूक मात्र मण्यारीची. जमिनीवर झोपलेल्याला ती रात्री चावते. दुखत नाही, सूज नाही, कधी कधी खूणही सापडत नाही. पहाटे पोटात दुखतं, उलटी होते, पापण्या जड होतात, बोलताना जीभ अडखळते. अशा वेळी ‘काहीतरी किडा चावला असेल’ म्हणून उजाडायची वाट पाहू नका. १०८ ला फोन करा आणि सर्पदंशावरची लस असलेलं रुग्णालय गाठा.

खऱ्या कोळ्यांचं काय? भिंतीवर दिसणारा पंजाएवढा, चपटा, तपकिरी कोळी भीतीदायक दिसतो, पण तो झुरळं खातो. मादी पोटाखाली पांढरी चपटी गोल पिशवी घेऊन फिरते, ती अंड्यांची. बाथरूमच्या कोपऱ्यातला काडीसारख्या पायांचा, जाळं हलवणारा कोळी तर निरुपद्रवीच.

जपायचं ते दोघांपासून. सह्याद्रीलगत झाडांच्या ढोलीत राहणारा केसाळ टॅरँटुला: राखाडी-पांढरी नक्षी, पुढच्या पायांखाली पिवळा रंग. चावला तर खूप दुखतं, पायात गोळे येऊ शकतात. दुसरा ब्लॅक विडोच्या गटातला. चकचकीत काळा, वाटाण्यासारखं गोल पोट, त्यावर लाल खूण. हा घरात क्वचितच सापडतो. चावल्यावर पोट कडक होऊन दुखलं, घाम फुटला तर लगेच डॉक्टर गाठा. सर्पदंशाची लस कोळ्याच्या विषावर चालत नाही, म्हणून कोळ्याचा फोटो सोबत न्या.

चावलेली जागा चिरू नका, चोखू नका, वर दोरी बांधू नका. साबण-पाण्याने धुवा, कापडात गुंडाळलेला बर्फ दहा मिनिटं ठेवा, दहा मिनिटं काढा. लालीच्या कडेने पेनाने रेघ मारून वेळ लिहा. दुसऱ्या दिवशी लाली रेघेबाहेर गेली, जागा गरम लागली किंवा ताप आला, तर जंतुसंसर्ग झालेला असू शकतो, डॉक्टरांना दाखवा. धनुर्वाताच्या इंजेक्शनचं तिथेच विचारा.

स्प्रे मारायची घाई नको. कोळी मरण्याआधी सैरावैरा पळतो, आणि छतावरून पडला तर तुमच्याच अंगावर. उभट पेला त्याच्यावर पालथा घाला, खालून जाड कागद सरकवा, बाहेर नेऊन सोडा. जाळी काढताना अंड्यांच्या पिशव्याही काढा. सरपण, गोवऱ्या, जुनी कौलं उचलताना हातमोजे घाला. अंगणात ठेवलेले बूट आपटून मगच घाला. मच्छरदाणी गादीखाली खोचा. कोळ्यापेक्षा मण्यारीसाठी तिचा उपयोग मोठा.