जुन्या जगाच्या नकाशाचं साल कसं ओळखाल?
छपाईचं साल नसेल तर आधी भारताशेजारी पाहा. पाकिस्तान नसेल तर नकाशा १९४७ पूर्वीचा. पूर्व पाकिस्तान दिसला तर १९७१ किंवा त्याआधीचा. मग सोव्हिएत संघ शोधा. तो अखंड आणि जर्मनी एकसंध असेल, तर काळ ऑक्टोबर १९९० ते डिसेंबर १९९१ इतका अरुंद होतो. इथेच घोटाळा होतो: दुसऱ्या महायुद्धापूर्वीही दोन्ही असेच दिसायचे, म्हणून पाकिस्तानची खूण आधी तपासायची. चेकोस्लोव्हाकिया दोन तुकड्यांत असेल तर नकाशा १९९३ नंतरचा.

खरा खजिना आफ्रिकेत. एकट्या १९६० मध्ये तिथे १७ देश स्वतंत्र झाले. झाईर (आजचं काँगो लोकशाही प्रजासत्ताक) हे नाव १९७१ ते १९९७ एवढंच चाललं, अप्पर व्होल्टाचं १९८४ मध्ये बुर्किना फासो झालं आणि दक्षिण सुदान २०११ चा.

नावांवर मात्र फार विसंबू नका. बर्माचं म्यानमार १९८९ मध्ये झालं, तरी काही प्रकाशक जुनंच नाव छापत राहिले. सीमा आणि नाव यांत विसंगती आली तर सीमेचं ऐका.