चवथीला गावी निघण्याआधी: गेम लायब्ररीची तयारी

पणजी, मडगाव किंवा फोंड्याहून लॅपटॉप घेऊन चवथीला सत्तरी, सांगे, काणकोणच्या घरी जायचे, भावंडे जमणार आणि आरत्या-फुगड्या आटोपल्या की रात्री गेम खेळायचे, असा बेत असेल तर निदान आठ दिवस आधी तयारीला लागा. गाडी दोन ठिकाणी अडते. १०० जीबीचा गेम रोजच्या २ जीबीच्या मोबाइल पॅकवर उतरायला ५० दिवस लागतील, मग गणपती दीड दिवसाचा असो की अकरा दिवसांचा. आणि उतरवून नेलेला गेमसुद्धा तिथे नेट नसेल तर उघडेलच असे नाही, कारण तो डिस्कवर असला तरी त्याची मालकी तुमच्या खात्याशी बांधलेली असते.

म्हणून पहिला दिवस खात्यांना द्या. तुम्ही विकत घेतलेली वस्तू म्हणजे तो गेम खेळण्याचा परवाना आहे. स्टीम हे गेम विकणारे ऑनलाइन दुकान २०२४ च्या ऑक्टोबरपासून पैसे भरण्याच्या पानावर तसे लिहूनच दाखवते. खाते गेले की परवाना गेला. स्टीम गार्ड (लॉगिनला पासवर्डसोबत फोनवरचा कोड मागणारे कुलूप) मोबाइल अ‍ॅपमधून चालू करा आणि अ‍ॅपमध्ये मिळणारा रिकव्हरी कोड कागदावर लिहून घरच्या कागदपत्रांत ठेवा. फोन हरवला किंवा तळीत पडला तर तोच कोड उपयोगी पडतो. खात्याला जोडलेला ईमेल कॉलेजचा किंवा कंपनीचा असेल तर तो आजच बदला, कारण तो पत्ता बंद झाला की पासवर्ड बदलण्याची वाट बंद होते. ईमेलचा पासवर्ड वेगळा हवा. मित्राच्या नावाने ‘आमच्या टीमला मत दे’ किंवा ‘चुकून तुझी तक्रार केली’ असा संदेश आला तर लिंक उघडू नका, त्या मित्राला फोन करा. बहुतेक खाती अशाच खोट्या लॉगिन पानांवर जातात.

मग शिरगणती. बहुतेकांचे गेम स्टीम, एपिक, जीओजी, एक्सबॉक्स, ईए आणि युबिसॉफ्ट अशा पाच-सहा ठिकाणी विखुरलेले असतात आणि एपिकवर फुकट मिळालेला गेम पुन्हा स्टीमवर विकत घेतला जातो. प्लेनाइट हे विनामूल्य, ओपन सोर्स सॉफ्टवेअर ही सगळी खाती एका खिडकीत आणते. इन्स्टॉल केल्यावर प्रत्येक सेवेचे प्लगइन जोडून त्यात लॉगिन करा आणि लायब्ररी अपडेट चालवा. नाव, चित्र, वर्णन ते स्वतः भरते. हाताने टाकलेल्या खुणा मात्र त्याच संगणकावर राहतात, म्हणून प्लेनाइटच्या मेन्यूतून लायब्ररीचा बॅकअप घेऊन तो बाहेरच्या ड्राइव्हवर ठेवा.

खुणा कोणत्या टाकायच्या हे महत्त्वाचे. प्रकारानुसार वर्गवारी दिसायला छान, कामाला कमी. त्यापेक्षा प्रत्येक गेमला ‘नेटशिवाय चालतो’, ‘नेट लागते’, ‘सेव्ह क्लाउडवर जाते’, ‘सेव्ह जात नाही’ अशा खुणा करा (सेव्ह म्हणजे खेळातली साठवलेली प्रगती, क्लाउड म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवरची जागा). सदस्यत्वावरचे गेम वेगळे काढा: गेम पासची, म्हणजे एक्सबॉक्सच्या सदस्यत्वाची, मुदत संपली की तो गेम डिस्कवर असूनही चालत नाही. एपिकवर दर गुरुवारी मिळणारा फुकट गेम मात्र एकदा घेतला की कायमचा खात्यात राहतो. तो आपल्याकडे उन्हाळ्यात रात्री साडेआठला आणि हिवाळ्यात साडेनऊला बदलतो, कारण अमेरिकेतली घड्याळे पुढे-मागे होतात.

चवथीसाठी खरे उपयोगाचे म्हणजे एकाच पडद्यासमोर बसून खेळायचे गेम. स्टीम लायब्ररीत शोधाच्या चौकटीशेजारच्या फिल्टरच्या खुणेवर क्लिक करा, प्लेअर्स गटातून लोकल मल्टिप्लेअर निवडा आणि ते डायनॅमिक कलेक्शन म्हणून सेव्ह करा. पुढे घेतलेला तसा कुठलाही गेम आपोआप त्यात येऊन बसेल. कंट्रोलर किती आहेत ते आधी मोजा आणि प्रत्येक कंट्रोलर त्या गेममध्ये खरोखर चालतो का ते शहरातच पाहा. नवा गेम घ्यायचा असेल तर आत्ताच घ्या, निघायच्या आदल्या रात्री नको. स्टीम आणि एपिकवर १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळला असेल तरच पैसे परत मिळतात; मेन्यूत नुसते बसलेले मिनिटही त्या २ तासांत धरले जाते. जीओजीवर ही मुदत ३० दिवसांची आहे.

बाहेरून आणलेला गेम स्टीममध्ये जोडायचा असेल तर त्याच्या दोन वेगळ्या तऱ्हा आहेत. तुमच्याकडे स्टीमची की, म्हणजे गेम खात्यात जोडणारा अक्षर-आकड्यांचा कोड, असेल तर गेम्स मेन्यूतील ‘अ‍ॅक्टिव्हेट अ प्रॉडक्ट ऑन स्टीम’मध्ये ती टाका, शून्य आणि ओ, आठ आणि बी यांत गल्लत होते म्हणून कॉपी-पेस्टच करा, चुकीच्या कीचे प्रयत्न जास्त झाले तर स्टीम काही वेळ नवी की घेत नाही. अनोळखी विक्रेत्याची स्वस्त की नंतर रद्द होऊ शकते, त्या वाटेला जाऊ नका. दुसरी तऱ्हा म्हणजे जीओजीचा किंवा सीडीवरून टाकलेला जुना गेम ‘अ‍ॅड अ नॉन-स्टीम गेम’मधून जोडणे. ब्राउझ करून गेमची मूळ ईएक्सई फाइल निवडा, इन्स्टॉलरची किंवा अनइन्स्टॉलरची नको. मग प्रॉपर्टीजमध्ये नाव नीट लिहा. मोकळा राखाडी चौकोन दिसतो तिथे ६०० बाय ९०० पिक्सेलचे उभे चित्र लावा. अशा जोडलेल्या गेमला स्टीम क्लाउड मिळत नाही आणि हा शॉर्टकट दुसऱ्या संगणकावर आपोआप जात नाही. विंडोज नव्याने टाकले की ती यादी पुन्हा करावी लागते. ती वाचवायची असेल तर स्टीमच्या युझरडेटा फोल्डरात, तुमच्या क्रमांकाच्या फोल्डरातील कॉन्फिगमध्ये, शॉर्टकट्स डॉट व्हीडीएफ नावाची फाइल असते. ती कॉपी करून ठेवा.

आता डिस्क, आणि इथे घाई करू नका. विंडोजच्या ड्राइव्हवर गेम कोंबण्यापेक्षा स्वतंत्र एसएसडी घ्या. १ टीबीची डिस्क विंडोजला सुमारे ९३१ जीबी दिसते, त्यातले १० ते १५ टक्के मोकळे ठेवा. कारण हिशेबाचे आहे. मोठा गेम काही थोड्या पण अवाढव्य फाइलींत बांधलेला असतो, अपडेट २ जीबीचे असले तरी स्टीम त्या जुन्या फाइली वाचून नव्याने लिहिते, आणि तेवढ्या वेळापुरती दुप्पट जागा लागते. डाऊनलोड पाच मिनिटांत झाले आणि ‘पॅचिंग’ तासभर चालले आहे, असे दिसते ते यामुळेच. जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर हे फार जाणवते. बाहेरची डिस्क एनटीएफएसमध्ये फॉरमॅट करा. एफएटी३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसतच नाही.

स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेज उघडून या डिस्कवर लायब्ररी फोल्डर तयार करा आणि आधीचे गेम तिथूनच ‘मूव्ह’ करा, विंडोजच्या फोल्डरांतून हाताने ओढू नका. कारण पाहायचे तर ते फोल्डर एकदा उघडा: स्टीमअ‍ॅप्समध्ये ‘कॉमन’ नावाच्या फोल्डरात प्रत्यक्ष गेम असतात आणि बाहेर ‘अ‍ॅपमॅनिफेस्ट’ने सुरू होणाऱ्या, पुढे आकडा असलेल्या छोट्या एसीएफ फाइली. कोणता गेम कुठे आणि किती पूर्ण, हे स्टीम त्या छोट्या फाइलींतून वाचते. गेम नेला आणि फाइल राहिली, की सगळे ९० जीबी समोर असताना स्टीम ‘इन्स्टॉल’चे बटण दाखवते. तसे झालेच तर घाबरू नका, त्याच ड्राइव्हवर इन्स्टॉल दाबा; ते आधी असलेल्या फाइली तपासते आणि उणे असेल तेवढेच डाऊनलोड करते. डिस्क दुसऱ्या यूएसबी पोर्टला लावल्यावर विंडोजने ड्राइव्हचे अक्षर बदलले तर अख्खी लायब्ररी गायब दिसते. डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन तिला जी किंवा पुढचे एखादे अक्षर ठरवून द्या.

डाऊनलोड रात्री लावा. १०० एमबीपीएसच्या फायबरवर सेकंदाला फार तर १२.५ मेगाबाइट येतात, म्हणजे १०० जीबीला सव्वादोन तास, तेही केबलने जोडले असेल तर. चिऱ्याच्या जाड भिंतींच्या जुन्या घरात ५ गिगाहर्ट्झचा वायफाय शेजारच्या खोलीतही मंदावतो. राउटरपासून कॅट ६ केबल ओढणे हा त्यावरचा सरळ उपाय. घरात दोन संगणक असतील तर गेम दोनदा डाऊनलोड करू नका. सेटिंग्जमधल्या डाऊनलोड्समध्ये ‘लोकल नेटवर्कवरून गेम फाइल ट्रान्सफर’ ही सोय २०२३ पासून आहे. दोन्हीकडे स्टीम उघडे आणि ही सोय चालू हवी; गिगाबिट केबलवर १०० जीबी पंधरा-वीस मिनिटांत जातात. डिस्कवरून कॉपी करत असाल तर निळ्या रंगाचा यूएसबी ३ पोर्ट शोधा, यूएसबी २ वर त्याच कामाला पाऊण तास ते तास जातो.

जीओजीवरचे गेम या बाबतीत सर्वांत भरवशाचे. वेबसाइटवरून ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवून ठेवा, एक ईएक्सई आणि तिच्यासोबतच्या सगळ्या बिन फाइली एकाच फोल्डरात; एक बिन फाइल राहिली तरी इन्स्टॉल अर्ध्यावर थांबते. त्यांना खाते, लॉगिन, नेट काही लागत नाही. वाडीवर नेट येत नसेल तर त्या चार दिवसांसाठी आमची पहिली पसंती हीच.

सेव्ह फाइलींकडे सर्वांत कमी लक्ष जाते आणि नुकसान तिथेच होते. गेम पुन्हा उतरवता येतो, साठ तास खेळून केलेली प्रगती पुन्हा मिळत नाही. स्टीम क्लाउड प्रत्येक गेमला नसते. लायब्ररीत त्या गेमच्या पानावर ढगाची खूण आहे का ते पाहा. बाकीच्यांच्या सेव्ह डॉक्युमेंट्समधील माय गेम्स, सेव्ह्ड गेम्स किंवा अ‍ॅपडेटाच्या लोकल, लोकललो, रोमिंग यांपैकी कुठेही असतात. लुडुसावी हे विनामूल्य सॉफ्टवेअर त्या जागा स्वतः शोधून एका फोल्डरात बॅकअप करते. अनइन्स्टॉल करण्याआधी आणि प्रवासाआधी ते चालवा, आणि एखाद्या गेमची सेव्ह परत टाकून उघडून पाहा. परत टाकून न पाहिलेल्या बॅकअपवर विसंबू नका.

निघायच्या दोन दिवस आधी रंगीत तालीम घ्या. नेणार असलेला प्रत्येक गेम पूर्ण अपडेट करा, नेट चालू असताना एकदा उघडा, मुख्य मेन्यूच्या पुढे प्रत्यक्ष खेळापर्यंत जा. स्टीममध्ये लॉगिनच्या वेळी ‘रिमेम्बर मी’वर खूण असू द्या आणि स्टीम मेन्यूतून ‘गो ऑफलाइन’ करा. एपिकच्या सेटिंग्जमध्ये ऑफलाइन मोड ब्राउझिंग चालू करा. एक्सबॉक्सच्या गेमसाठी मायक्रोसॉफ्ट स्टोअरच्या सेटिंग्जमधील ऑफलाइन परवानगी एकाच यंत्राला देता येते, ती नेणार त्या लॅपटॉपला द्या. मग राउटर बंद करा, संगणक रीस्टार्ट करा आणि सगळे गेम एकेक करून उघडा. जो इथे उघडत नाही तो तिथेही उघडणार नाही. डेन्युवो या चोरीविरोधी संरक्षणाचे गेम नव्या यंत्रावर पहिल्यांदा नेट मागतात, म्हणून तालीम ज्या यंत्रावर घेतली तेच न्या. तालमीनंतर विंडोज अपडेट थांबवून ठेवा.

स्टीम फॅमिलीजबद्दल, म्हणजे एकमेकांचे गेम घरात वाटून खेळण्याच्या सोयीबद्दल, चवथीच्या गर्दीत घाईने निर्णय घेऊ नका. जास्तीत जास्त ६ जण, आणि ते एका घरात राहणारे असावेत अशी अपेक्षा आहे; मुंबईची भावंडे किंवा आखातात नोकरीला असलेला काका त्यात बसत नाही. प्रौढ सदस्य बाहेर पडला तर त्याला दुसऱ्या कुटुंबात जायला १ वर्ष थांबावे लागते, आणि त्याची रिकामी जागाही वर्षभर अडून राहते. एकाने तुमच्या प्रतीवर चीटिंग केले तर त्या गेममध्ये बंदी तुम्हालाही लागते.

पावसाळ्यातली वीज हाही यादीतलाच विषय. ३०० ते ४०० वॅट ओढणाऱ्या पीसीला ६०० व्हीएचा यूपीएस पुरत नाही, तो साधारण ३६० वॅटपर्यंतच झेपतो. १००० व्हीएच्या पुढचा घ्या, आणि त्याची काही मिनिटे खेळायला नव्हे, सेव्ह करून बंद करायला वापरा. इन्स्टॉलच्या मध्येच वीज गेली तर डाऊनलोड पुढे सुरू होते, पण त्या क्षणी लिहिली जात असलेली फाइल खराब झालेली असू शकते. गेम अचानक बंद पडत असेल तर प्रॉपर्टीजमधून इन्स्टॉल्ड फाइल्समध्ये जाऊन ‘व्हेरिफाय इंटेग्रिटी’ चालवा. बिघडलेल्या फाइलीच पुन्हा उतरतात, त्याला थोडे नेट लागते हे ध्यानात ठेवा. गडगडाट सुरू झाला की प्लग आणि केबल दोन्ही काढा. बाहेरची डिस्क हवाबंद डब्यात सिलिका जेलच्या दोन पुड्या घालून न्या. देवाच्या खोलीशेजारच्या ओलसर भिंतीवरच्या कोनाड्यात ती ठेवू नका.

परत आल्यावर पहिले काम: गावी नेलेला लॅपटॉपच आधी नेटला जोडा, स्टीम ऑनलाइन करा आणि प्रत्येक गेमच्या पानावर क्लाउड सिंक पूर्ण झाल्याचे दिसेपर्यंत थांबा. तोवर शहरातल्या पीसीवर तेच गेम उघडू नका. तरीही स्टीमने ‘दोन्हीकडच्या सेव्ह जुळत नाहीत’ असे विचारलेच, तर खिडकीतल्या दोन तारखा वाचा, लुडुसावीचा आणखी एक बॅकअप काढा, आणि मगच नव्या तारखेची सेव्ह निवडा.