फॅमिली पेन्शन अडकते कुठे? या चुका टाळा

काकांचं तेरावं झालं आणि दुसऱ्या दिवशी मावशीने कपाटातून निळी प्लास्टिकची फाइल काढली. सगळे कागद होते, तरी फॅमिली पेन्शन, म्हणजे काकांमागे मावशीला मिळायची पेन्शन, सात महिने अडकली. कारण काय, तर सेवापुस्तकात बायकोचं नाव माहेरचं आणि आधार-पॅनवर सासरचं. लग्नात तांदळावर अंगठीने लिहून नाव बदललेलं, ते ऑफिसात कळवायचं कुणाच्या डोक्यातच आलं नाही. टेबलावरचा क्लार्क सरळ विचारतो, "ही दुसरी बायको नाही कशावरून?" मावशी तिथेच खुर्चीत बसून रडली.

तर पहिली चूक हीच. नोकरीत असतानाच सेवापुस्तक उघडून कुटुंबाचं पान बघा, नाव-जन्मतारीख आधारशी जुळवा, विवाह नोंदणी दाखला काढून ठेवा. नाव बदललं असेल तर राजपत्रात देऊन टाका, कारण नवरा गेल्यावर तेच काम करायला दहा हेलपाटे पडतात.

दुसरी, आणि भांडणं जिथून सुरू होतात ती चूक म्हणजे फॅमिली पेन्शनला इस्टेट समजणं. ती इस्टेट नाही हो! सुप्रीम कोर्टाने १९९१ मध्येच एका रेल्वे कर्मचाऱ्याच्या केसमध्ये सांगितलंय की ही रक्कम मृत्युपत्राने कुणाला देता येत नाही, नियमात ज्याचं नाव बसतं त्यालाच मिळते. म्हणजे सासऱ्यांनी "मुलगा माझा, नॉमिनी मी" म्हणून अर्ज टाकला तरी बायको हयात आणि पात्र असताना पेन्शन तिलाच. पीएफ, विमा, बँकेतले पैसे यांचं गणित वेगळं, ते यात मिसळू नका. आणि निव्वळ पेन्शनसाठी कुणी सक्सेशन सर्टिफिकेट (कोर्टाचा वारस दाखला) मागितलं तर लगेच कोर्टात धावण्याआधी लेखी विचारा, कुठल्या नियमाखाली मागताय. बऱ्याचदा मागणी तिथेच थंड होते.

आता खरा चिखल. गावाकडे अजूनही स्टॅम्प पेपरवर फारकत लिहितात, नोटरीचा शिक्का, दोन साक्षीदार, आणि दोघंही म्हणतात सुटलो. मग नवरा दुसरं लग्न करतो, वीस वर्षं संसार होतो, तो जातो, आणि पहिली बायको पेन्शनच्या अर्जासकट उभी. हिंदू विवाह कायदा १९५५ चा, त्यात पहिलं लग्न टिकून असताना केलेलं दुसरं लग्न बाद. समाजात काडीमोडाची रूढी आहे म्हणायचं तर ती कोर्टात सिद्ध करावी लागते, नुसता स्टॅम्प पेपर चालत नाही. राज्याच्या १९८२ च्या पेन्शन नियमांत एकापेक्षा जास्त विधवा असतील तर समान वाटा असं लिहिलंय, ते वाचून बरेच जण निर्धास्त राहतात, पण २०१९ मध्ये मुंबई हायकोर्टाच्या फुल बेंचने (मोठ्या खंडपीठाने) सांगितलं की हिंदू कायद्याने जिचं लग्नच वैध नाही ती या 'विधवा' शब्दात येत नाही. माझ्या मते हे त्या दुसरीवर अन्यायकारकच आहे, बिचारीला अनेकदा पहिलीचा पत्ताही नसतो, पण कायदा सध्या असाच आहे. तिच्या मुलांना मात्र हाकलता येत नाही, २००० साली बिहारच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने मुलांचा हक्क मान्य केलाय, वयाच्या अटीत बसतात तोवर. त्यामुळे मुलांच्या नावाने वेगळा अर्ज करायचा राहू देऊ नका.

नागपूरच्या एका प्रकरणात तर विधवेने नवरा गेल्यावर मुलगा दत्तक घेतला आणि त्याच्यासाठी पेन्शन मागितली. २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने नाही म्हटलं, कारण कर्मचारी जिवंत असताना तो कुटुंबात नव्हता.

खासगी नोकरीवाल्यांसाठी थोडक्यात: ईपीएस-९५ (पीएफसोबतची पेन्शन योजना) मध्ये फॉर्म १०डी भरायचा, नोकरीत असताना मृत्यू झाला तर एका महिन्याचं कॉन्ट्रिब्युशन भरलेलं असलं तरी विधवेचा हक्क लागतो. "दहा वर्षं नोकरी झाली नाही" म्हणून परत पाठवलं तर ऐकू नका.

शेवटचं, उशीर. साहेब बघतो म्हणाले म्हणून वर्षं जातात. हक्क बुडत नाही, पण थकबाकी कोर्ट साधारण अर्जाआधीच्या ३ वर्षांचीच देतं. राज्य सरकारी असाल तर मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), केंद्राचे असाल तर कॅटमध्ये (केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण), साधारण वर्षभरात जायचं. जिल्हा परिषदवाल्यांना मॅट नाही, त्यांना थेट हायकोर्ट. आणि प्रत्येक अर्जाची झेरॉक्स देऊन त्यावर आवक नंबर आणि तारखेचा शिक्का घ्या, साहेब कितीही ओळखीचे असले तरी.