बेल्ट बदलण्याआधी जुना बेल्ट नीट पाहा

वॉशिंग मशीनमध्ये पाणी भरतंय, मोटरचा आवाज येतोय, पण ड्रम ढिम्म हलत नाही. किंवा ड्रम फिरतो, पण पिळून निघालेले कपडे ओलेगच्चच असतात. सोबत रबर जळाल्यासारखा वास असेल तर माझा पहिला संशय मोटरच्या जोरावर ड्रम फिरवणाऱ्या रबरी बेल्टवर जातो. खात्री करायची तर मशीन बंद करून ड्रम हाताने फिरवा. बेल्ट जागेवर असेल तर ड्रमसोबत मोटरही ओढली जाते आणि हाताला थोडा जडपणा लागतो. बेल्ट तुटलेला किंवा निसटलेला असेल तर ड्रम अगदी हलका, भिरभिर फिरतो. (काही मशीनमध्ये मोटर थेट ड्रमलाच जोडलेली असते. तिथे बेल्ट नसतोच, तेव्हा मॅन्युअल आधी बघा.)

पुढून दार असलेल्या मशीनचं सांगते. प्लग सॉकेटमधून काढा. नुसतं बटण बंद करून भागत नाही. नळ बंद करा, खालच्या फिल्टरमधून उरलंसुरलं पाणी काढून घ्या आणि मशीन भिंतीपासून पुढे ओढा. मागच्या पत्र्याचे स्क्रू काढले की ड्रमची मोठी पुली (बेल्ट ज्यावरून फिरतो ते चाक), खाली मोटरची छोटी पुली आणि दोन्हींवरून गेलेला बेल्ट समोर दिसतो. पत्र्याच्या कडा धारदार असतात, हातमोजे घालाच. काहीही हलवण्याआधी फोनवर एक फोटो काढून ठेवा.

बेल्ट काढायला स्क्रू-ड्रायव्हर लागत नाही. त्याने उचकटलं तर पुलीच्या कडेला टवका उडतो आणि तोच टवका पुढे नवा बेल्ट कुरतडतो. एका हाताने बेल्ट आपल्याकडे ओढत दुसऱ्या हाताने मोठी पुली सावकाश फिरवा, तो आपसूक बाहेर येतो.

आता घाई करू नका. जुना बेल्ट उजेडात धरून आतल्या बाजूच्या उभ्या धारा, म्हणजे लांबीभर गेलेल्या उंच रेघा, बघा. बेल्ट उलटा वाकवल्यावर आडव्या भेगा उघडत असतील तर रबर म्हातारं झालंय, एवढंच. धारा काचेसारख्या चकाकत असतील तर तो बरेच दिवस घसरत होता. बहुतेक वेळा ड्रम ठासून भरण्याची सवय याच्या मुळाशी असते. आणि एकच कड उसवून दोरे लोंबत असतील तर दोन पुल्या एका रेषेत नाहीत. मोठ्या पुलीचा मधला बोल्ट सैल आहे का, मोटरचे बोल्ट घट्ट आहेत का, हे पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नका, नाहीतर नव्या बेल्टचीही तीच गत होईल. बेल्ट निघालेला आहे तोवर मोठी पुली हाताने फिरवून कान द्या. घरघर ऐकू आली, किंवा ड्रम आतून वर-खाली हलवल्यावर खटखट लागली, तर बेअरिंग (ड्रमचा दांडा ज्यात फिरतो तो भाग) गेलंय. ते काम वेगळं आणि मोठं, पण नवा बेल्ट आणण्याआधी कळलेलं बरं.

नवा बेल्ट जुन्याच्या पाठीवरचा नंबर बघूनच घ्या. समजा, तिथे १२७० जे ५ असं लिहिलंय: लांबी १२७० मिमी, जे जातीच्या धारा म्हणजे दोन धारांमधलं अंतर २.३४ मिमी, आणि अशा ५ धारा. एच जातीत हेच अंतर १.६ मिमी असतं. दोन्ही बेल्ट लांबून सारखेच दिसतात, पण एकाच्या जागी दुसरा बसत नाही. टेपने जुना बेल्ट मोजू नका, वापरून तो ताणलेला असतो. नंबर पुसला असेल तर मशीनच्या मॉडेल नंबरवरून मागवा.

चढवताना धारा आतल्या बाजूला ठेवा. आधी मोटरच्या छोट्या पुलीच्या खाचांत बेल्ट बसवा, मग मोठ्या पुलीच्या वरच्या कडेवर जमेल तितका चढवा. लवचीक बेल्ट घट्टच येतो, हात भरून येतो, पण तो कापून किंवा तापवून सैल करायच्या भानगडीत पडू नका. चढलेला भाग केबल टायने पुलीच्या आऱ्याला बांधून टाका आणि पुली हळूहळू फिरवा, बाकीचा बेल्ट चढत जातो. बोटं बेल्ट आणि पुलीच्या मध्ये येऊ देऊ नका, सांभाळा. झालं की टाय कापून काढा.

मग पुली हाताने पाच-सहा वेळा पूर्ण फिरवा आणि मोटरच्या पुलीकडे टक लावून बघा. एक धार जरी खाचेबाहेर राहिली असेल तर बेल्ट काठाकडे सरकताना दिसेल. तसं दिसलं तर काढून पुन्हा बसवा.

सेमी-ऑटोमॅटिक मशीनच्या धुण्याच्या बाजूला बहुधा इंग्रजी व्ही आकाराचा बेल्ट असतो आणि मोटरचे बोल्ट लांबट भोकांत बसवलेले असतात. ते सैल करून मोटर सरकवली की ताण कमी-जास्त होतो. मधोमध अंगठ्याने दाबल्यावर बेल्ट साधारण १० ते १२ मिमी आत गेला पाहिजे. त्याहून घट्ट केला तर भार बेअरिंगवर येतो.

पत्रा लावल्यावरच प्लग जोडा आणि कपडे न घालता एकदा खंगाळणं-पिळणं लावा. पहिल्या काही धुण्यांत खाली थोडी काळी पूड पडली तर घाबरू नका. पण पूड पडतच राहिली तर पत्रा पुन्हा उघडा आणि पुल्यांची रेषा तपासा.