'जॅक' आधी उघडू नका

अमेरिकन लेखिका मॅरिलिन रॉबिन्सन वाचायला घेताय तर आधी क्रम लावून घ्या, मी चुकवला आणि अजून हळहळतेय. चार कादंबऱ्या आहेत, 'गिलियड' (२००४), 'होम' (२००८), 'लायला' (२०१४) आणि 'जॅक' (२०२०), माणसं तीच, आणि 'जॅक' सोडली तर आयोवा राज्यातलं गिलियड हे काल्पनिक गावही तेच. मला 'जॅक' सेलमध्ये स्वस्तात मिळाली म्हणून तीच आधी वाचली, आणि जे गुपित 'गिलियड'मध्ये पार शेवटाकडे कळतं ते माझ्यासाठी आधीच फुटलं.

तर सुरुवात 'गिलियड'पासूनच. १९५६ साल, ७६ वर्षांचा पाद्री जॉन एम्स हृदयाच्या दुखण्याने थकलाय आणि सातेक वर्षांच्या मुलाला मोठेपणी वाचायला पत्र लिहून ठेवतोय. प्रकरणं नाहीत, सुरुवातीला तर काही घडतच नाही असं वाटतं, तरी रोज दहा-पंधरा पानंच वाचा. बाईंची पहिली कादंबरी १९८० ची, दुसरी ही, म्हणजे मध्ये २४ वर्षं, त्यांना घाई नव्हती तर तुम्ही कशाला करताय. मग एम्सच्या पाद्री मित्राचा वाया गेलेला मुलगा जॅक वीस वर्षांनी घरी येतो. एम्स एवढा देवमाणूस, पण जॅक एम्सच्या बायकोपोराजवळ दिसला की एम्सच्या पोटात गोळा येतो. मला गुपितापेक्षा हेच जास्त आवडलं.

लगेच 'होम' घ्या, मध्ये गॅप नको. उन्हाळा तोच, पण आता जॅकच्या घरातून, धाकटी बहीण ग्लोरीच्या बाजूने. ओसरीवरच्या गप्पांचा प्रसंग दोन्ही पुस्तकांत आहे, पेन्सिलने खूण करा आणि शेजारी शेजारी ठेवून वाचा. जॅक विचारतो, काही माणसं जन्मतःच नरकासाठी नेमलेली असतात का, दोघं म्हातारे पाद्री धड उत्तर देत नाहीत, आणि एरवी गप्प बसणारी लायला, म्हणजे एम्सची बायको, म्हणते की माणूस बदलू शकतो. एका पुस्तकात हे एम्स सांगतो, दुसऱ्यात ग्लोरी बघते, फरक तुम्हीच शोधा. आणि हो, टीव्हीवर माँटगोमेरी शहरातल्या कृष्णवर्णीयांच्या आंदोलनाच्या बातम्या लागतात तिथे घाईने पान उलटू नका, जॅक का अस्वस्थ होतो ते नंतर कळेल. आयुष्यभर मुलाला माफ करत आलेला बापच शेवटी कसा थकतो, ते वाचताना तर मी दोनदा पुस्तक मिटलं.

'लायला' सुटी वाचली तरी चालते.

'जॅक' सगळ्यात शेवटी. त्यात सेंट लुईस शहरातल्या दफनभूमीत जॅक आणि त्याला आवडणारी डेला रात्रभर अडकतात आणि पानंच्या पानं नुसती बोलत राहतात, काहींना बोअर होईल, मला नाही झालं.